गोव्याचं जुनं फुटेज कोणाकडे मागावं? संग्रहसेवांचं एक परीक्षण

1961 च्या डिसेंबरवर, म्हणजे गोवा मुक्तीवर, माहितीपट करायला घेतला की पहिल्याच आठवड्यात तीन-चार जण युट्यूबच्या त्याच त्या लिंका पाठवतात. लष्कराच्या गाड्या, नदीकाठ, हात हलवणारी माणसं आणि कोपऱ्यात वॉटरमार्क. ‘हे तर फुकटच आहे की’ म्हणणारा एक जण प्रत्येक टीममध्ये असतो. ते फुकट नसतं, ती दुकानाची शोकेस असते. आत जाऊन माल कसा मागायचा, गोव्याच्या कामाला कोणतं दुकान खरंच उपयोगी पडतं आणि कोटेशन हातात आल्यावर त्यात काय वाचायचं, एवढ्यासाठी हे परीक्षण.

निकाल आधीच सांगून टाकतो. गोव्यावरच्या कामासाठी पहिलं पत्र पुण्या-मुंबईला, दुसरं लिस्बनला आणि लंडनच्या न्यूजरील (बातमीपट) कंपन्यांना सगळ्यात शेवटी, तेही मोजक्या सेकंदांसाठी. बहुतेक निर्माते नेमका उलटा क्रम धरतात, कारण लंडनची वेबसाइट सर्वांत चांगली आहे. वेबसाइट चांगली असणं आणि आपल्याला हवा तो शॉट असणं यांचा संबंध नाही.

पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 चं, लॉ कॉलेज रस्त्यावरचं. मुंबईची फिल्म्स डिव्हिजन 1948 ची. थिएटरात मुख्य चित्रपटाआधी दाखवली जाणारी सरकारी न्यूजरील हे तिचं काम होतं. 2022 मध्ये या दोन्ही संस्थांचा कारभार एनएफडीसीकडे, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाकडे, सोपवला गेला. आपल्यासाठी याचा अर्थ एवढाच की करार एकाच संस्थेशी होतो, पण माल दोन शहरांत असू शकतो. म्हणून ईमेलमध्ये ‘पुणे आणि मुंबई दोन्हीकडची नोंद पाहावी’ असं स्पष्ट लिहावं.

मागणी कशी करायची यावर अर्धं काम अवलंबून असतं. ‘गोवा मुक्तीचं फुटेज हवं’ असं पत्र गेलं तर उत्तर येतच नाही, किंवा आलं तर तेवढंच मोघम येतं. न्यूजरीलला अंक क्रमांक असतो आणि प्रदर्शनाची तारीख असते. ‘डिसेंबर 1961 ते फेब्रुवारी 1962 या काळातल्या सर्व साप्ताहिक अंकांची विषयसूची’ अशी मागणी केली तर तिथल्या माणसाला रजिस्टर कुठून उघडायचं ते कळतं. सोबत पाच गोष्टी विचाराव्यात: लांबी किती फूट, 35 मिमी की 16 मिमी, हाताशी निगेटिव्ह आहे की प्रिंट, स्कॅन झालेला आहे का आणि झाला असेल तर किती रिझोल्यूशनला. फुटांचा हिशेब पाठ असलेला बरा. 35 मिमीचे 90 फूट म्हणजे एक मिनिट, 16 मिमीचे 36 फूट म्हणजे एक मिनिट. सूचीत ‘270 फूट’ एवढंच लिहिलेलं असेल, तर 35 मिमीवर ती तीन मिनिटं आहेत आणि 16 मिमीवर साडेसात. गेज (फिल्मची रुंदी) न विचारता एडिटरने त्यावर आराखडा बांधला की पुढे रडगाणं ठरलेलं.

आणखी एक गोष्ट, जी मराठी माणसाने तरी विचारायलाच हवी. फिल्म्स डिव्हिजनच्या न्यूजरीलचं निवेदन अनेक भारतीय भाषांत व्हायचं, त्यांत मराठीही होती. चित्र तेच, ध्वनिपट्टी वेगळी. इंग्रजी प्रत स्कॅन झालेली असली म्हणून मराठी ट्रॅक नाहीच असं धरू नये. मराठी प्रत वेगळ्या डब्यात असू शकते. त्या काळचा तो ठणठणीत सरकारी मराठी आवाज माहितीपटात जे काम करतो, ते आजच्या निवेदकाच्या दहा वाक्यांनी होत नाही.

आता या पुण्या-मुंबईच्या दाराचा सर्वांत मोठा फायदा. भारतीय कॉपीराइट कायदा 1957 प्रमाणे सरकारी कामाची मुदत प्रकाशनाच्या पुढच्या कॅलेंडर वर्षापासून 60 वर्षं. म्हणजे डिसेंबर 1961 मध्ये प्रदर्शित झालेल्या सरकारी न्यूजरीलचे हक्क 31 डिसेंबर 2021 ला संपले. गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा का, यावरचा जनमत कौल 16 जानेवारी 1967 चा. त्या महिन्यातली न्यूजरील 2027 च्या अखेरपर्यंत संरक्षित आहे. गोव्याचे पहिले मुख्यमंत्री भाऊसाहेब बांदोडकर यांच्या निधनाची बातमी ऑगस्ट 1973 ची, ती 2033 अखेरपर्यंत. एका कागदावर प्रत्येक क्लिपसमोर हे वर्ष लिहून ठेवावं, कारण संस्थेशी बोलताना ‘लायसन्स फी’ आणि ‘स्कॅन व प्रत पुरवण्याचा खर्च’ या दोन ओळी वेगळ्या मागता येतात. हक्क संपले तरी डबा त्यांच्याकडेच आहे, तेव्हा दुसरी ओळ द्यावीच लागते आणि ती देण्यात काही गैर नाही.

यात दोन फटी आहेत. पहिली, मुदत प्रकाशनापासून मोजायची. जे चित्रीकरण झालं पण न्यूजरीलमध्ये कधी लागलंच नाही, त्या रशेसचं घड्याळ सुरूच झालेलं नसतं. ‘वापरलेला भाग’ आणि ‘न वापरलेला भाग’ हे दोन्ही एकाच डब्यातून आले तरी कागदावर वेगळे. दुसरी फट अमेरिकेची. 1 जानेवारी 1996 ला जी परदेशी कामं आपापल्या देशात संरक्षित होती, त्यांचे हक्क अमेरिकेने पुन्हा जिवंत केले आणि तिथे मुदत प्रकाशनापासून 95 वर्षं आहे. म्हणजे 1961 ची तीच न्यूजरील भारतात मोकळी आणि अमेरिकेत 2056 अखेरपर्यंत बांधलेली. जगभर दाखवणाऱ्या स्ट्रीमिंग कंपनीला माहितीपट विकायचा विचार असेल, तर पुण्या-मुंबईहून जागतिक लायसन्स लेखी घ्या. ‘पब्लिक डोमेन आहे’ हे आपलं वाक्य त्यांचा वकील ऐकून घेत नाही.

या सेवेची कमजोर बाजू म्हणजे वेळ. सूची, स्क्रीनर (नुसती बघण्यापुरती प्रत), दरपत्रक, मंजुरी, पैसे, मास्टर (वापरायची पूर्ण दर्जाची प्रत) हे सगळं सरकारी शिस्तीने होतं. शूटिंग सुरू होण्याआधी पत्र गेलेलं असावं. गोव्यात बसलेल्यांना एक सोय मात्र आहे. फिल्म बझार हा चित्रपट-व्यवसायाचा मेळावा एनएफडीसीच भरवते आणि तो नोव्हेंबरात, इफ्फीच्या दिवसांत, गोव्यातच असतो. ज्या अर्जाचं उत्तर महिनाभर येत नाही तो हातात घेऊन तिथे जावं. योग्य टेबल कोणतं, हे तरी कळतं.

लिस्बनकडे वळू. 1961 पूर्वीचं गोव्यातलं रोजचं जगणं, म्हणजे बंदर, मिरवणूक, शाळा, गव्हर्नरची परेड, हे सगळं चित्रित करणारा कॅमेरा बहुतेक वेळा पोर्तुगीज होता. तिथे दोन दारं आहेत. सिनेमातेका ही पोर्तुगालची फिल्म आर्काइव्ह, तिचं जतनकेंद्र लिस्बनबाहेर बुसेलास इथे आहे. दुसरी आरटीपी, म्हणजे तिथलं सरकारी दूरचित्रवाणी. तिचं नियमित प्रक्षेपण 7 मार्च 1957 ला सुरू झालं, म्हणून पोर्तुगीज राजवटीची शेवटची पावणेपाच वर्षं एवढाच तिचा गोव्याशी संबंधित काळ. त्यानंतरचाही एक भाग आपल्या कामाचा आहे: 1962 च्या मे महिन्यात गोव्यातून सुटलेले युद्धकैदी पोर्तुगालला पोचले ते. आरटीपीच्या संग्रहाची वेबसाइट उघडी आहे, घरबसल्या बघता येतं. आमच्या मते गोव्यासाठी एकट्याने सर्वांत मोलाची जागा हीच.

तरी लोक तिथून रिकाम्या हाताने परततात, कारण ते ‘गोवा लिबरेशन’ असं टाइप करतात. लिस्बनच्या सूचीत ती घटना ‘मुक्ती’ नाही, ‘इन्व्हाझांव’ म्हणजे आक्रमण आहे. लंडनच्या सूचीत ती ‘क्रायसिस’ आहे. शोध घेताना शब्द पोर्तुगीज स्पेलिंगने, रोमन लिपीत टाकावेत: पणजीसाठी पांजिम, मडगावसाठी मार्गांव, म्हापशासाठी मापुसा, मुरगावसाठी मुर्मुगांव आणि सगळ्यासाठी मिळून ‘इश्तादु दा इंदिया’. स्वरांवरची चिन्हं घालून एकदा आणि न घालता एकदा, दोन्ही तऱ्हांनी बघावं. व्यक्तीच्या नावाने केलेला शोध गावाच्या नावापेक्षा चांगला लागतो. वासालु इ सिल्वा या शेवटच्या गव्हर्नर जनरलचं नाव टाकलं की गोवा हा शब्द नसलेल्या नोंदीही वर येतात. पोर्तुगीज येणारी एखादी सत्तरीची बाई किंवा बुवा पणजीच्या फोंताइन्हास भागात अजून भेटतात. त्यांना दोन दुपारी मानधन देऊन सूची वाचायला बसवणं, हा या सगळ्या खर्चातला सर्वांत स्वस्त आणि सर्वांत फायद्याचा खर्च.

लिस्बनची अडचण हक्कांची. युरोपात मुदत दिग्दर्शक, संवादलेखक, संगीतकार वगैरेंपैकी शेवटच्याच्या मृत्यूनंतर 70 वर्षं, त्यामुळे 1950 च्या दशकातला पोर्तुगीज माल अजून बांधलेला असतो असंच धरून चालावं. शिवाय सिनेमातेकाकडे प्रत असणं आणि हक्क असणं वेगळं. ‘प्रत आमच्याकडे आहे, परवानगी अमुककडून आणा’ असं उत्तर आलं तर तो नकार नाही, ती नेहमीची पायरी आहे. त्यांना पहिल्याच पत्रात विचारावं: या शीर्षकाचे हक्क कोणाकडे आहेत असं तुमच्या नोंदीत आहे?

लंडनबद्दल थोडक्यात. ब्रिटिश पाथेने 2014 मध्ये 85,000 फिल्म्स युट्यूबवर टाकल्या. पुढच्याच वर्षी एपी या वृत्तसंस्थेने ब्रिटिश मुव्हीटोनसह साडेपाच लाखांहून अधिक क्लिपा टाकल्या. बघण्याच्या सोयीला दहापैकी दहा. पाथेच्या नोंदीत ‘अनइश्यूड’ असा शेरा दिसला तर थांबून बघावं. ते न्यूजरीलमध्ये न लागलेलं, बहुतेक वेळा मूक आणि सलग साहित्य असतं. निवेदन, संगीत नसलेला आणि कापाकापी न झालेला असा माल एडिटरला सोनं. व्यवहारही सुटसुटीत: क्लिप निवडा, वापर सांगा, कोटेशन येतं, सही करा, फाइल येते. याचीच किंमत आपण मोजतो. पण तिथला गोवा बाहेरून आलेल्या माणसाने दोन दिवसांत टिपलेला असतो. सरहद्द, लष्कर, राजदूत, विमानतळ. घरातला गोवा त्यात नाही. 1955 च्या सत्याग्रहासाठी तिथे शोधायचं तर ‘मार्चर्स’, ‘फ्रंटियर’, ‘रायट’ असे शब्द टाकून पाहावेत; सत्याग्रह हा शब्द लिहिणाऱ्याला माहीत असेलच असं नाही.

अमेरिकेच्या नॅशनल आर्काइव्ह्जमध्ये युनिव्हर्सल न्यूजरीलचा 1929 ते 1967 चा साठा आहे आणि त्याचे हक्क मोकळे केलेले आहेत. 18 डिसेंबर 1961 ला सुरक्षा परिषदेत गोव्यावर झालेली चर्चा आणि सोव्हिएत व्हेटो हवा असेल तर संयुक्त राष्ट्रांच्या ऑडिओव्हिज्युअल लायब्ररीत विचारावं. इंटरनेट आर्काइव्हवर मात्र जपून. तिथे कुणीही काहीही चढवतो. चढवणाऱ्याने ‘पब्लिक डोमेन’वर टिक केली म्हणजे हक्क सुटले असं होत नाही.

आता ज्या कामात गोव्याचा माणूस लंडनच्या संशोधकाला सहज मागे टाकतो ते: ओळख पटवणं. सूचीतली माहिती चुकीची असणं ही अपवादाची गोष्ट नाही. ‘गोवा’ म्हणून दमण निघतं, दीव निघतं, कधी मुंबईची गोदी निघते. क्लिप आली की पाच मिनिटं आवाज बंद करून फ्रेम फ्रेम पाहावी. मांडवीवर पूल दिसतो का? दिसला तर ते 1961 नव्हे. पणजी-बेतीचं अंतर तेव्हा फेरीबोटीने पार व्हायचं. पुलाचे खांब आहेत पण मधला भाग नदीत, तर ते 5 जुलै 1986 नंतरचं. कदंबची बस दिसली तर 1980 किंवा त्यानंतरचं. गाडीच्या पाटीवर जीडीए किंवा जीडीबी असेल तर गोवा-दमण-दीवच्या केंद्रशासित काळातलं, जीए आणि पुढे आकडे असतील तर घटकराज्य झाल्यानंतरचं. आदिलशहाच्या राजवाड्याजवळ आबे फारियाचा पुतळा नसेल तर 1945 च्या आधीचं. फिल्म उलटी स्कॅन झाली आहे का, हे पणजी चर्चच्या जिन्यावरून कळत नाही, तो दोन्ही बाजूंनी सारखाच आहे; दुकानाच्या पाटीवरची अक्षरं लगेच खात्री करून देतात. कोणत्या शॉटवरून काय ठरवलं ते एका रकान्यात लिहून ठेवावं. पुढे चॅनेलचा माणूस विचारतोच.

एक खास सापळा शरणागतीचा. ‘पोर्तुगीज सरेंडर, गोवा’ अशा नावाखाली लख्ख उन्हातली दृश्यं दाखवली जातात. 19 डिसेंबर 1961 ची ती शरणागती रात्री साडेआठच्या सुमाराला, मोटारींच्या दिव्यांच्या उजेडात झाली. दुपारच्या सावल्या दिसत असतील तर ते दुसरं काहीतरी आहे: शस्त्रं गोळा करणं, कैद्यांची रांग, दुसऱ्या दिवशीची परेड. ते वापरावं, पण त्याला शरणागती म्हणू नये. गोव्यात प्रेक्षकांत हे माहीत असलेला कोणीतरी पहिल्या रांगेत बसलेला असतो.

कोटेशन आणि करार. इथे सगळ्यात जास्त पैसे जातात, म्हणून जरा विस्ताराने.

दर चार गोष्टींवर ठरतो: किती सेकंद, कुठल्या माध्यमात, किती देशांत, किती वर्षं. ‘सर्व माध्यमं, सर्व जग, कायमस्वरूपी’ हा सर्वांत महाग प्रकार. ‘फक्त चित्रपट महोत्सव, एक-दोन वर्षं’ हा सर्वांत स्वस्त. स्वस्त घेऊन पुढे वाढवायचं असेल तर वाढीव दर आजच करारात लिहून घ्यावा. याला स्टेप-अप म्हणतात. तो लिहिलेला नसेल आणि माहितीपट विकला गेला, तर दुसऱ्यांदा मागताना तुम्ही अडलेले असता आणि समोरच्याला ते माहीत असतं.

सेकंदांपेक्षा ‘किमान’ हा शब्द बघावा. समजा प्रत्येक क्लिपमागे किमान 10 सेकंद आकारणी आहे आणि तुम्ही चार वेगवेगळ्या न्यूजरीलमधून तीन-तीन सेकंद घेतलेत. वापर 12 सेकंदांचा, बिल 40 सेकंदांचं. त्याऐवजी एकाच न्यूजरीलमधून 12 सेकंद घेतले तर बिल 12 चं. कुठे किमान क्लिपवर असतं, कुठे पूर्ण प्रोजेक्टवर. आणि एकाच न्यूजरीलमधले दोन शॉट काही जण एक क्लिप धरतात, काही जण दोन. हा प्रश्न एडिट सुरू व्हायच्या आधी विचारायचा असतो, लॉक झाल्यावर नव्हे.

भारतातल्या करारात तीन गोष्टी लिहायच्या राहिल्या तर कायदाच त्या भरून काढतो, आणि आपल्या सोयीने भरत नाही. मुदत लिहिली नाही तर पाच वर्षं धरली जाते. प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. आणि मिळालेला हक्क एक वर्षाच्या आत वापरला नाही तर तो संपतो, करारात वेगळं म्हटलं नसेल तर. माहितीपट दोन-दोन वर्षं एडिटवर पडून राहतात, म्हणून ‘एक वर्षाची अट लागू नाही’ हे एक वाक्य न विसरता घालावं. लायसन्स लेखी आणि सहीचं हवं. व्हॉट्सअॅपवरचं ‘वापरा हो, काही हरकत नाही’ चालत नाही. तसंच ‘दहा सेकंदांपर्यंत कुणाचंही वापरलं तर चालतं’ ही ऐकीव गोष्ट. आपल्या कायद्यात असा सेकंदांचा आकडा कुठेच नाही. टीका, समीक्षा, चालू घडामोडींचं वार्तांकन अशी ठरावीक प्रयोजनं आहेत आणि पार्श्वभूमीला जुनी पणजी दाखवणं त्यांत बसत नाही.

कोटेशनमध्ये काय समाविष्ट नाही तेही वाचावं. बहुतेक लायसन्स फक्त चित्रपट्टीचं असतं. न्यूजरीलवरचं संगीत, दिसणाऱ्या माणसांची संमती, भिंतीवरचं चित्र, मंचावर चाललेलं नाटक हे सगळं आपल्या अंगावर. संगीताची भानगड नको असेल तर मूक प्रत मागावी आणि ध्वनी नव्याने बांधावा. मूळ चित्रात फेरफार करायला अनेक करारांत मनाई असते. रंग भरणं किंवा एआयने चेहरे गुळगुळीत करणं त्यात येतं. तसंही त्या प्रक्रियेतून निघालेले सत्याग्रही मेणाच्या बाहुल्यांसारखे दिसतात.

परदेशी बिलाचा आणखी एक काटा म्हणजे कर. परदेशी संस्थेला रॉयल्टी पाठवताना टीडीएस कापावा लागतो. आयकर कायद्यातला दर 20 टक्के, अधिक अधिभार. दुहेरी करमुक्ती कराराखाली तो कमी होऊ शकतो, पण त्यासाठी त्या संस्थेचं टॅक्स रेसिडेन्सी सर्टिफिकेट लागतं. ‘आम्हाला पूर्ण रक्कम मिळालीच पाहिजे’ अशी अट असेल तर 20 टक्क्यांच्या हिशेबाने 100 चे 125 होतात. त्यावर रिव्हर्स चार्जने जीएसटी आपणच भरायचा. हे सगळं सीएला कोटेशन स्वीकारण्यापूर्वी दाखवावं. पैसे पाठवायच्या दिवशी बँकेत कळलं की डिलिव्हरी हातची जाते.

तांत्रिक बाजूला येऊ. स्क्रीनरवर टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा वेळ-क्रमांक) चित्रातच उमटवलेला असतो. तो मास्टरच्या टाइमकोडशी जुळतोच असं नाही, म्हणून ऑर्डर देताना आकड्यांबरोबर पहिल्या आणि शेवटच्या फ्रेमचं चित्रही पाठवावं. प्रत्येक शॉटच्या दोन्ही बाजूंना किमान एक-एक सेकंद जादा मागावा. हे हँडल्स नसतील तर डिझॉल्व्ह (एक शॉट विरत दुसरा उमटणं) करता येत नाही आणि तीन फ्रेम वाढवायला पुन्हा बिल. फाइलचं नाव संस्था, तिचा क्लिप क्रमांक, विषय या क्रमाने ठेवावं. डाउनलोड झाल्यावर नाव बदललं आणि मूळ क्रमांक हरवला तर दोनशे क्लिपांत तो पुन्हा सापडत नाही. ही चूक सर्रास होते.

मास्टर प्रोरेस 422 एचक्यू (एडिटिंगसाठीचा उच्च दर्जाचा फाइल प्रकार) किंवा त्याहून वरचा मागावा आणि मूळ फ्रेम रेटलाच मागावा, ‘सोयीचा’ करून नको. 35 मिमी न्यूजरील 24 फ्रेमची, युरोपच्या टीव्हीची फिल्म 25 ची, अमेरिकेची टेप 29.97 ची. जुन्या टेपवरून आलेली प्रत बाणाच्या कळीने एकेक फ्रेम पुढे सरकवून बघा. चालत्या माणसाच्या पायाला दोन कडा दिसल्या, एक ठळक आणि एक भुतासारखी, तर कुठेतरी फ्रेम रेट बदलताना फ्रेमा मिसळल्या गेल्यात. आडव्या करवती कडा दिसल्या तर ते इंटरलेस, म्हणजे एकाआड एक ओळींत दोन क्षण विणलेलं जुन्या टीव्हीचं चित्र. करवत काढता येते, भूत काढता येत नाही. मग दुसरा सोर्स मागावा. 24 ची फिल्म 25 ला पळवलेली असेल तर सुमारे चार टक्के वेग वाढतो. परेडमध्ये तो कळत नाही, पण बिगुल वाजला की सूर वर चढलेला ऐकू येतो. आपलं बरंचसं साहित्य लिस्बनचं असेल तर टाइमलाइन 25 वरच ठेवलेली बरी.

फ्रेमचा आकारही आधी ठरवा. जुनं सगळं 4:3. पडदा भरण्यासाठी ते 16:9 केलं की उंचीचा चौथा हिस्सा जातो. न्यूजरीलचे कॅमेरामन डोक्यावर फार जागा सोडत नसत, त्यामुळे कापले जातात ते झेंडे, टोप्या आणि पाट्या, म्हणजे तारीख ठरवायला लागणारं सगळं. बाजूला काळ्या पट्ट्या राहू द्याव्यात. कोणाचं काही बिघडत नाही.

शेवटचं दार गोव्यातच आहे आणि त्याला वेबसाइट नाही. आफ्रिकेतून, आखातातून आलेल्यांच्या घरात सुपर 8 ची रिळं आणि नंतरच्या व्हीएचएस कॅसेटी कपाटावर पडून आहेत: लग्न, फेस्त, चवथ, एक्स्पोझिशनच्या (सेंट झेवियरच्या शवदर्शनाच्या) रांगा, नवीन स्कूटर. वर ज्याला घरातला गोवा म्हटलं तो बहुतेक इथेच. सुपर 8 चं 50 फुटांचं रीळ 18 फ्रेमच्या वेगाने तीन मिनिटं वीस सेकंद चालतं. एका बुटाच्या खोक्यात अशी पंधरा-वीस रिळं, म्हणजे तासभर. गोव्याच्या पावसाळ्याने त्यांची वाट लावलेली असते. कॅसेटच्या खिडकीतून टेपच्या कडेला पांढरे ठिपके किंवा कापसासारखे धागे दिसले की ती बुरशी. अशी कॅसेट ‘एकदा बघूया’ म्हणून व्हीसीआरमध्ये घालायची नाही. हेड घाण होतं आणि पुढची प्रत्येक कॅसेट नासते. फिल्मच्या डब्याला व्हिनेगरचा वास आला तर ऍसिटेट कुजायला लागलंय. तो डबा इतरांपासून वेगळा, कोरड्या हवेशीर जागी ठेवून सगळ्यांत आधी स्कॅनला पाठवावा. प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बांधला तर वास आतच कोंडतो आणि कुजणं वाढतं. प्रोजेक्टरवर चालवून बघण्याचा मोह टाळावा. आखडलेल्या फिल्मची छिद्रं फाटतात.

कागदांच्या बाबतीत मात्र हे दार सगळ्यांत कठीण. चित्रीकरण करणारा हयात नसेल तर हक्क वारसांकडे जातात, आणि गोव्यात वारसा म्हणजे थोरल्या मुलाची सही नव्हे. इथला कायदा पोर्तुगीज नागरी संहितेतून आलेला, पती-पत्नीची मालमत्ता सामाईक धरणारा. हयात जोडीदाराचा अर्धा वाटा आणि उरलेल्यात सगळी मुलं, लग्न होऊन गेलेल्या मुलीही. एक जण कॅनडात, एक इंग्लंडात स्विंडनला, एक म्हापशात असं असतंच. सर्वांच्या, शक्यतो त्यांच्या जोडीदारांच्याही, सह्यांचं एक पानी संमतिपत्र आधी करावं, मग स्कॅनचा खर्च करावा. त्यात फिल्मची मालकी कुटुंबाकडेच राहील, स्कॅनची एक प्रत त्यांना मिळेल आणि कोणते प्रसंग वापरायचे नाहीत, हे सोप्या मराठीत किंवा कोकणीत लिहावं. घरच्या बायकांचं चित्रण असतं, गेलेली माणसं असतात. शेवटच्या मुद्द्यासाठी रिकामी ओळ ठेवली की लोक खरोखर तिथे काहीतरी लिहितात.

रिळं स्कॅनला पाठवण्याआधी प्रत्येक डब्याचा दोन्ही बाजूंनी फोटो काढावा. झाकणाच्या आत पेन्सिलीने ‘पास्कोआ 68’ (म्हणजे 1968 चा ईस्टर) किंवा नुसतं ‘बेती’ असं लिहिलेलं असतं. साफसफाईत ते झाकण बदललं गेलं की त्या फिल्मची एकमेव सूची गेली.